काक्षी फुटेल तेव्हा दुर्बीण तिकडे वळलेली असेल का?

रामबागकर (इंदूर) :
नमस्कार. परवा रात्री गच्चीवरून नातवाला मृग नक्षत्रातला तांबूस काक्षी दाखवत होते. हा तारा कधीतरी फुटणार आहे असे सांगताच त्याने विचारले, की तो कोणत्या दिवशी फुटेल हे कोणालाच ठाऊक नसेल, तर अवकाशातली दुर्बीण नेमकी तेव्हा दुसरीकडे पाहत असेल, मग तिचा उपयोग काय? मला उत्तर देता आले नाही. ताऱ्याच्या स्फोटाचा आरंभ कसा पकडतात, हे कोणी समजावून सांगेल का?

सिमरोल_रस्ता :
काकू, नातवाची शंका रास्त आहे. हबल एका वेळी आकाशाचा अगदी लहान तुकडा पाहते, त्यामुळे स्फोट शोधण्याचे काम तिच्याकडे नसतेच. २००४ साली सोडलेल्या स्विफ्ट उपग्रहावरचे गॅमा किरणांचे उपकरण आकाशाचा सुमारे सहावा भाग एकदम न्याहाळते आणि कुठे लखलखाट दिसला, की जमिनीवरून आज्ञा येण्याची वाट न पाहता उपग्रह स्वतःच साधारण दीड मिनिटात वळून आपल्या क्ष-किरण व जंबुपार दुर्बिणी तिथे रोखतो. गॅमा आणि क्ष-किरण वातावरणात शोषले जातात, म्हणून हे जमिनीवरून शक्य नाही.

मात्र असा गॅमा लखलखाट फार थोड्या स्फोटांत होतो. बहुतेक अतिनवतारे, म्हणजे स्फोट होऊन उजळलेले तारे, दृश्य प्रकाशात पुरेसे उजळल्यावर, म्हणजे बरेच दिवस उलटल्यावर, लक्षात येतात. म्हणूनच ९ जानेवारी २००८ चा प्रसंग मला विलक्षण वाटतो. सुमारे ९ कोटी प्रकाशवर्षे दूर असलेल्या एनजीसी २७७० या दीर्घिकेतला एक अतिनवतारा स्विफ्ट पाहत होता, तोच त्याच दीर्घिकेत दुसऱ्या जागी क्ष-किरणांचा झोत उसळला आणि काही मिनिटांत ओसरला. गाभा कोसळल्यावर निघालेली आघातलाट ताऱ्याचा पृष्ठभाग फोडून बाहेर पडतानाचा तो प्रकाश होता, असा अर्थ खगोलशास्त्रज्ञ अलिशिया सोडरबर्ग यांच्या गटाने लावला. तेव्हा दुर्बीण तिकडे वळलेली होती, हा निव्वळ योग.

छत्रीबाग :
आरंभ हुकला म्हणजे सगळे हुकले, असे मात्र नातवाला वाटू देऊ नका. १९८७ साली मोठ्या मॅगेलन मेघात, म्हणजे आपल्या आकाशगंगेशेजारच्या लहान दीर्घिकेत, तारा फुटला, तेव्हा हबल अवकाशात गेलीच नव्हती. ती १९९० मध्ये गेली. तरीही, स्फोटाच्या सुमारे २०,००० वर्षे आधी त्या ताऱ्याने टाकलेल्या वायूच्या कड्यावर आघातलाट आदळू लागल्यावर एकेक ठिपका उजळत गेला आणि अखेरीस सबंध कडे मण्यांच्या माळेसारखे दिसू लागले, हे हबलने वर्षानुवर्षे टिपले. (हा तारा इतका दक्षिणेला होता, की इंदूरच्या क्षितिजावर तो कधी येतच नाही.)

त्याच स्फोटाचे न्यूट्रिनो, म्हणजे पदार्थातून सहज आरपार जाणारे सूक्ष्म कण, जपानमधल्या कामिओकांडेच्या जमिनीखालच्या टाकीत प्रकाशाच्या दोन-तीन तास आधी नोंदले गेले होते. काक्षी तर त्याहून कितीतरी जवळ आहे, त्यामुळे त्याची वर्दी अशीच आणि फार ठळकपणे मिळेल.

रामबागकर (इंदूर) :
दोघांचेही मनापासून आभार. पण वर्दी मिळाल्यावर दुर्बिणी हव्या तेव्हा तिकडे वळवता येतात का?

सिमरोल_रस्ता :
नेहमी नाही. सूर्याच्या जवळचे आकाश हबल आणि वेब दोघींनाही वर्ज्य आहे. जूनमध्ये आपल्याकडे मृग लागतो आणि मग आर्द्रा, म्हणजे सूर्य त्याच भागात असतो. तेव्हा काक्षी फुटला, तर या दोन्ही दुर्बिणींना काही आठवडे थांबावे लागेल. मात्र २०२० च्या जूनमध्ये, काक्षी पृथ्वीवरून सूर्याच्या उजेडात लपलेला असताना, सूर्याच्या निरीक्षणासाठी पाठवलेल्या आणि पृथ्वीपासून बरेच दूर असलेल्या स्टिरिओ यानाने त्याची तेजस्विता मोजली होती. तशी सोय पुढेही असावी, असे मला फार वाटते.