सहलीचा डबा: दहीभात की धपाटी?

सोलापूरजवळच्या हिप्परग्याच्या तलावावर सहलीला न्यायला कुणी दहीभात सुचवतं. सोलापूरच्या उन्हात तो बारापर्यंत आंबतो. न्यायचाच तर कोमट भात दुधात कालवा, दही चमचाभरच. जेवेपर्यंत आपोआप विरजतं.

त्यापेक्षा धपाटी बरी. दोन वाट्या ज्वारीचं पीठ, अर्धी वाटी बेसन, पाव वाटी कणीक, तिखट, हळद, तीळ, ओवा, मीठ. कांदा टाळा, पाणी सुटून धपाटं लवकर विटतं. गरम पाण्यात मळा, ओल्या फडक्यावर थापा, मधे भोकं पाडा, तव्यावर टाकून तेल सोडा नि भाजा. घोळ होतो तो डबा भरताना: गरमागरम रचली की वाफ धरते आणि खालची चिकट होतात. जाळीवर पूर्ण गार करून सुती फडक्यात गुंडाळा.

सोबत शेंगाचटणी हवीच. पाव किलो शेंगदाणे मंद आचेवर भाजून सोला. दहा-बारा लसूण पाकळ्या, दोन चमचे तिखट, चमचाभर जिरं, मीठ घालून कुटा. तेल सुटेपर्यंत कुटलं की चव येते. मिक्सर असेल तर थांबून थांबून. सलग फिरवला की लगदा झालाच म्हणून समजा. पाण्याचा थेंबही नको.

कडक भाकरी नेणार असाल तर ताटात आडवी ठेवा, पिशवीत कोंबली की नुसता चुरा.