आशालता वाबगावकर: नायिकेनंतरची चाळीस वर्षे

फोंड्याची वाचक
नमस्कार. आमच्या वाचनालयात गोमंतकीय कलावंतांवर व्याख्याने होतात आणि या वेळी आशालताबाईंवर बोलण्याचे काम माझ्याकडे आले आहे. घरातील ज्येष्ठ मंडळी त्यांना ‘मत्स्यगंधा’मुळे ओळखतात, माझ्या पिढीला मात्र त्या चित्रपट-मालिकांतील आई, सासू आणि आजी म्हणूनच ठाऊक आहेत. 1964 साली संगीत नाटकाची नायिका असलेल्या अभिनेत्रीने पुढे बहुतांशी दुय्यम भूमिका केल्या, याला उतरण म्हणावे का? आणि चित्रपटांनी त्यांच्या गळ्याचा फारसा उपयोग का करून घेतला नाही?

मडगावचा श्रोता
दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर सोपे आहे. चित्रपटात पार्श्वगायकांची सोय असते आणि आईच्या वाट्याला गाणे क्वचितच येते. नाटकाचे तसे नव्हते; तिथे नटीलाच गावे लागे. ‘मत्स्यगंधा’ हे वसंत कानेटकरांचे नाटक दि गोवा हिंदु असोसिएशनने रंगभूमीवर आणले, संगीत मंगेशीच्या जितेंद्र अभिषेकींचे होते आणि सोबत गायक-नट रामदास कामत होते. म्हणजे ऐकणारे आणि ऐकवणारे, दोघेही आपल्याच मातीतले. त्या पदांपुढे चित्रपटाने त्यांना काय दिले, असे विचारले तर मी ‘काही नाही’ असेच म्हणेन. पक्षपात माझा आहे, हे मान्य.

म्हापशाची नाट्यरसिक
श्रोतेमहाशय, ‘काही नाही’ हे मात्र पटत नाही. बासू चॅटर्जी यांच्या ‘अपने पराये’ या 1980 सालच्या चित्रपटात त्या उत्पल दत्त यांच्या पत्नी झाल्या, तेव्हा त्यांनी चाळिशीही गाठली नव्हती. दत्त त्यांच्याहून बारा वर्षांनी मोठे. एकत्र कुटुंबातील थोरली सून, जिला सगळ्यांचे ऐकून घ्यावे लागते आणि निर्णय मात्र स्वतःचा घेता येत नाही, अशी ती बाई आहे. ‘उंबरठा’ (1982) पाहताना तर लक्ष स्मिता पाटील यांच्याकडेच जाते; पण त्यांनी साकारलेली सुलभा घराबाहेर पडते तेव्हा तिच्या मुलीला सांभाळणारी जाऊ, माया, आशालताबाईंनी केली आहे. तिला खलनायिका करणे फार सोपे होते. त्यांनी तिला अपत्याच्या ओढीने भरलेली, म्हणूनच नकळत मुलगी आपलीशी करून घेणारी बाई ठेवली, आणि त्यामुळेच सुलभाचे परत येणे इतके अवघड वाटते. सहायक भूमिकेने मूळ कथेचे वजन असे वाढवले असताना तिला उतरण कसे म्हणायचे?

माझ्या मते संगीत रंगभूमीची शिस्त त्यांच्या बोलण्यात उतरली होती. वाक्याचा शेवट त्या गिळत नसत. एन. चंद्रा यांच्या ‘अंकुश’मध्ये (1986) हिंदी बोलतानाही हे जाणवते.

फोंड्याची वाचक
देव बरें करूं, दोघांचेही. ‘उंबरठा’तील मायाच्या भूमिकेकडे मी या दृष्टीने पाहिलेच नव्हते. दूरचित्रवाणीविषयी काय सांगावे?

म्हापशाची नाट्यरसिक
थोडक्यात सांगावे, कारण मालिकांतील आजीच्या साच्यातून त्यांनाही सुटका नव्हती. मात्र काम थांबवले नाही, हे अवश्य सांगा: ‘आई माझी काळुबाई’ या मालिकेच्या चित्रीकरणादरम्यान त्यांना कोरोना झाला आणि 22 सप्टेंबर 2020 रोजी, वयाच्या एकोणऐंशीव्या वर्षी, साताऱ्यात त्यांचे निधन झाले. त्यांचे ‘गर्द सभोवती’ हे पुस्तक वाचनालयात असेल तर आधी तेच काढा.

मडगावचा श्रोता
माझा हट्ट एवढाच, की पदे ऐकवाच. ‘गर्द सभोवती रान साजणी’ श्रोत्यांना पाठ असते आणि ते लगेच सोबत गुणगुणू लागतात. म्हणून ‘अर्थशून्य भासे मज हा’ अगोदर लावा, सभागृह शांत असताना.