‘ट्रेझोर’ला मराठीत काय म्हणावं?

प्रश्न : आमच्या फिल्म सोसायटीच्या टिपणासाठी चेक दिग्दर्शिका व्येरा खितिलोव्हा यांच्यावर लिहितेय. चेक मजकुरात ‘ट्रेझोर’मध्ये गेलेले चित्रपट असा उल्लेख वारंवार येतो. ऑगस्ट १९६८मध्ये सोव्हिएत रणगाडे प्रागमध्ये शिरले, त्यानंतर जे चित्रपट पडद्यावर येऊच दिले नाहीत, ते हे. मी ‘डबाबंद’ लिहिलंय, पण चुकल्यासारखं वाटतं. ‘बासनात गुंडाळलेले’ चालेल?

प्रतिसाद : ‘डबाबंद’ नको. आपल्याकडे चित्रपट डब्यात जातो तो पैसे संपले, वितरक मिळाला नाही म्हणून. बासनात प्रस्ताव आणि अहवाल जातात, आणि पुढे कुणाच्या लक्षातही राहत नाहीत. ट्रेझोर म्हणजे सरळ तिजोरी. कुलूप लावायचं आणि किल्ली आपल्याकडे ठेवायची. यिर्झी मेन्झेल यांचा ‘दोरीवरचे चंडोल’ १९६९चा. तो १९९०मध्ये बाहेर निघाला आणि त्याच वर्षी बर्लिन चित्रपट महोत्सवात गोल्डन बेअर हा सर्वोच्च पुरस्कार मिळवून गेला. कारेल काखिन्या यांच्या ‘उखो’चीही (म्हणजे ‘कान’) तीच गत. माझं मत ‘तिजोरीबंद’ला.

शब्दाचं कूळही जुळतं. चेकने ‘ट्रेझोर’ जर्मनमधून घेतला, जर्मनने फ्रेंचमधून, आणि मुळाशी लॅटिन ‘थेसाउरुस’, खजिना. आपल्या ‘तिजोरी’चं मूळ कुणी पोर्तुगीजमध्ये दाखवतं, कुणी इंग्रजी ‘ट्रेझरी’त. दोन्ही वाटा त्याच थेसाउरुसपाशी पोचतात. म्हणजे ही चुलत भावंडंच!

दुसरा प्रतिसाद : ‘तिजोरीबंद’ उत्तम, पण ताई, खितिलोव्हांना तो पुरत नाही. त्यांचा ‘सेद्मिक्रास्की’ १९६६चा. (हे डेझीच्या फुलाचं चेक नाव. त्यातला ‘सेदुम’ म्हणजे आपला ‘सात’च, संस्कृत ‘सप्त’चा नातलग.) दोन मुली मेजवानीचं टेबल तुडवतात, म्हणून मे १९६७मध्ये यारोस्लाव प्रुझिनेत्स या खासदाराने संसदेत अन्नाच्या नासाडीवर आवाज उठवला. खरं तर चित्रपटाच्या शेवटची अर्पणपत्रिकाच अशा लोकांना उद्देशून आहे, ज्यांना चीड येते ती फक्त तुडवलेल्या सॅलडची! १९७०मध्ये खितिलोव्हांचा पुढचा चित्रपट फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवाच्या स्पर्धेत होता. त्यानंतर मात्र १९७६पर्यंत एकही कथापट करू दिला नाही.

इथे कुलूप रिळाला नव्हतं, बाईंना होतं. यासाठी मराठीत नेमका प्रयोग आहे : ‘घरी बसवलं’. ‘बसल्या’ लिहू नका, तो प्रयोजक ‘व’ हवाच, कारण बसवणारं कुणीतरी होतं. त्या काळात त्यांनी नवऱ्याच्या नावाने जाहिरातपट केले, देश सोडला नाही, आणि १९७५मध्ये राष्ट्राध्यक्ष हुसाक यांना पत्र लिहून काम मागितलं. मग ‘सफरचंदाचा खेळ’ झाला, तोही प्रागमधल्या बारांडोव्हच्या मोठ्या स्टुडिओत नव्हे, लघुपटांच्या स्टुडिओत.

प्रश्नकर्ती : ‘घरी बसवलं’ घेतेच. आणि १९६८नंतरच्या त्या काळाचं चेक नाव ‘नॉर्मालिझात्से’, त्याला काय म्हणू? ‘सामान्यीकरण’?

दुसरा प्रतिसाद : नको. सामान्यीकरण म्हणजे चार उदाहरणांवरून नियम काढणं. राजवटीला म्हणायचं होतं ते आपल्या वर्तमानपत्रांतलं ‘परिस्थिती पूर्वपदावर’. तेच लिहा, पण अवतरणचिन्हांत ठेवा. तो शब्द राजवटीचा होता, खितिलोव्हांचा नव्हे.