५५ वर्षांचा बॅटमॅन: म्हातारा की नुसते केस पिकलेले?

रविवारचा_वाचक: बॅटमॅनच्या 'द डार्क नाइट रिटर्न्स' या कॉमिकचे चारही अंक (१९८६) परत वाचले. लेखक फ्रँक मिलरचा ब्रूस वेन, म्हणजे मुखवट्यामागचा बॅटमॅन, ५५ वर्षांचा, दहा वर्षं बॅटमॅनगिरी सोडून घरी बसलेला. सुपरहिरोला म्हातारा केलं म्हणून अजून कौतुक चालतं. मला नाही पटत. केस पांढरे, सांधे कुरकुरतात, पण अंग बैलाचं. शेवटी सुपरमॅनलाही लोळवतो! आमचे नाना साठीत जिन्याच्या मधल्या पायरीवर बसायचे. म्हातारपण ते.

गॉथमकर: म्युटंट टोळीच्या म्होरक्याशी झालेली पहिली मारामारी विसरलात वाटतं. रणगाड्यासारखी गाडी असताना हा खाली उतरतो. का? खुमखुमी. तरण्या गड्याला अजून नुसत्या ताकदीवर लोळवता येतं का, ते बघायचंय. बेदम मार खातो. १३ वर्षांची पोरगी कॅरी केली मध्ये पडते म्हणून वाचतो. दुसऱ्या वेळी त्याला चिखलात उतरवतो, तिथे तरण्याची चपळाई रुतून बसते. हा डाव पंचविशीत सुचला नसता.

रविवारचा_वाचक: चिखल मान्य. पण सुपरमॅनच्या वेळी? अंगात चिलखत, दिव्याच्या खांबावर आकडा टाकून वीज, वर तिरंदाज ऑलिव्हर क्वीनचा क्रिप्टोनाइटचा (सुपरमॅनला दुबळं करणाऱ्या दगडाचा) बाण. श्रीमंत म्हाताऱ्याचं बरं असतं.

वेताळभक्त: वयाचा घोळ 'इंद्रजाल' कॉमिक्समधल्या वेताळानं (फँटमनं) कधीच सोडवलाय. बाप गेला की मुलगा मुखवटा चढवतो, जंगलाला वाटतं तोच अमर. आपला वेताळ एकविसावा. ब्रूसनं गादी सोडायला काय हरकत होती?

गॉथमकर: सोडणार कुणाला? या गोष्टीत आधीचा रॉबिन, म्हणजे बॅटमॅनचा साथीदार जेसन टॉड, आधीच मेलाय. (नेहमीच्या मालिकेत त्याला १९८८ मध्ये मारलं, म्हणजे नंतर.) कॅरी स्वतः रॉबिनचा पोशाख घालून येते, यानं बोलावलेलं नसतं.
आणि छातीवरची पिवळी खूण बघा. गोळी तिथे लागते, आत पत्रा असतो. डोक्याला चिलखत घालता येत नाही म्हणून नेम छातीवर ओढून घेतो. उड्या मारून गोळ्या चुकवायचे दिवस गेले, हे त्याला कळलेलं असतं.

रविवारचा_वाचक: ही खूण मी नुसती शोभेची समजत होतो. तो अंक परत काढतो. सुपरमॅनचं मात्र अजून पटलेलं नाही.