युरोपातील बॅटरी उद्योग टिकेल का? मुलीच्या उच्च शिक्षणाच्या निमित्ताने एक प्रश्न

प्रश्न : धरमपेठकर

नमस्कार. माझी मुलगी नागपुरातील व्हीएनआयटीत धातू व पदार्थ अभियांत्रिकीच्या शेवटच्या वर्षाला असून, जर्मनीतील एका सरकारी विद्यापीठात बॅटरी तंत्रज्ञानाच्या पदव्युत्तर अभ्यासक्रमासाठी तिची निवड झाली आहे. शिकवणी शुल्क जवळजवळ नाही; मात्र व्हिसासाठी एका वर्षाच्या निर्वाहाचे ११,९०४ युरो आधीच खात्यात अडकवून ठेवावे लागतात आणि दुसऱ्या वर्षाची सोय आपली आपण करायची असते. पैसे उभे राहतील. प्रश्न पैशांपेक्षा त्या उद्योगाच्या प्रकृतीचा आहे.

मी बँकेतून निवृत्त झालो असून नोकरीची शेवटची बारा वर्षे उद्योगांचे कर्जप्रस्ताव तपासण्यात गेली. प्रकल्प अहवालाच्या पहिल्या पानावर क्षमता ठळक अक्षरांत छापलेली असते, हे मी जाणतो. युरोपबाबत वाचताना मला तीच पहिली पाने पुन्हा दिसू लागली आहेत. २०१७ मध्ये युरोपीय आयोगाने 'युरोपियन बॅटरी अलायन्स' स्थापन केली आणि त्यानंतर देशोदेशी गिगाफॅक्टरींच्या, म्हणजे बॅटरीच्या अवाढव्य कारखान्यांच्या, घोषणा झाल्या. पुढे ब्रिटनची ब्रिटिशव्होल्ट जानेवारी २०२३ मध्ये कारखाना उभा राहण्याआधीच बुडाली. स्वीडनच्या नॉर्थव्होल्टने कर्ज, भांडवल आणि अनुदाने मिळून सुमारे १५ अब्ज डॉलर उभारले, तरी जून २०२४ मध्ये बीएमडब्ल्यूने तिची दोन अब्ज युरोंची मागणी रद्द केली आणि मार्च २०२५ मध्ये कंपनीने दिवाळखोरी जाहीर केली. स्टेलांटिस, मर्सिडीज आणि टोटालएनर्जीज यांच्या एसीसी या संयुक्त बॅटरी कंपनीने जर्मनी व इटलीतील कारखान्यांचे काम २०२४ मध्ये थांबवले.

इतका पैसा, इतके शास्त्रज्ञ आणि दाराशीच मोटारींचे गिऱ्हाईक असताना हे का घडले? आणि 'शाश्वत बॅटरी' हा जो शब्द तिकडे सतत वापरला जातो, त्यामागे काही ठोस आहे की ते केवळ अनुदान मिळवण्याचे निमित्त आहे? जाणकारांनी कृपया सविस्तर लिहावे.

उत्तर १ : परतलेला_बुटीबोरीकर

काका, मी चार वर्षे मध्य युरोपातील एका सेल कारखान्यात प्रक्रिया अभियंता होतो. कारखान्याचे नाव लिहीत नाही. आपल्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर एका शब्दात द्यायचे तर तो शब्द 'उतारा' हा आहे. जिनिंगवाला कापसाच्या गाडीकडे पाहून रुईचा उतारा किती पडेल हे आधी मनात मोजतो, आणि त्याचा सगळा धंदा त्या आकड्यावर उभा असतो. बॅटरीच्या सेलचेही तसेच आहे. छापील क्षमता गिगावॅट-तासांत असते, पण विकता येणारा माल उताऱ्याने ठरतो.

सेल कसा बनतो ते थोडक्यात सांगतो. सक्रिय पदार्थाची भुकटी, चिकटद्रव्य आणि द्रावक कालवून एक घट्ट लेप तयार करतात. तो ॲनोडसाठी तांब्याच्या आणि कॅथोडसाठी ॲल्युमिनियमच्या पत्र्यावर चढवतात. तांब्याचा हा पत्रा सहा ते दहा मायक्रॉन जाडीचा, म्हणजे आपल्या केसापेक्षा कितीतरी पातळ असतो, आणि तो दर मिनिटाला काही दहा मीटर वेगाने धावत असताना लेपाची जाडी सर्वत्र सारखी राहावी लागते. त्यानंतर वाळवणे, दाबणे, कापणे, गुंडाळणे किंवा रचणे, इलेक्ट्रोलाइट भरणे आणि शेवटी पहिले चार्जिंग व मुरवण, ज्यात दिवस नव्हे तर कधी आठवडे जातात. समजा असे वीस टप्पे आहेत आणि प्रत्येक टप्प्यावर शंभरातले ९९ नग चांगले निघतात. ऐकायला उत्तम वाटते, परंतु ०.९९ चा विसावा घात काढला तर हाती सुमारे ८२ टक्केच उरतात. प्रत्येक टप्पा ९७ टक्क्यांवर आला तर निम्म्याच्या आसपास माल भंगारात जातो. माल रद्द झाला तरी त्यातील लिथियम, निकेल आणि वीज यांचे बिल पूर्ण भरावे लागते. मी असताना एका पाळीत लेपाच्या कडेला केसभर उंचवटा येत होता, आणि त्याचे कारण सापडेपर्यंत अकरा दिवस गेले. त्या अकरा दिवसांत आमच्या कारखान्यात खऱ्या अर्थाने आनंदात असलेला माणूस एकच होता, तो म्हणजे भंगार उचलणारा ठेकेदार.

हवेचे एक उदाहरण देतो, ते नागपूरकराला लगेच पटेल. मे महिन्यात आपल्याकडे लू वाहते तेव्हा ओठ फुटतात आणि आपण त्या हवेला कोरडी म्हणतो. इलेक्ट्रोलाइट भरण्याच्या खोलीतील हवा त्याहून कितीतरी कोरडी ठेवावी लागते. तिचा दवबिंदू उणे ४० अंश किंवा त्याखालीच राहावा लागतो, कारण लिथियमच्या क्षारांची पाण्याशी गाठ पडली की आम्ल तयार होऊन सेल आतून खराब होतो. माणसाच्या श्वासातूनही बाष्प येते, म्हणून खोलीत एका वेळी किती जण असावेत याचीसुद्धा मर्यादा ठरलेली असते. हे सगळे चोवीस तास सांभाळायचे तर विजेचा खर्च मोठा येतो आणि अंगवळणी पडलेले कामगार लागतात.

युरोपकडे या सवयीची माणसे नव्हती. गंमत अशी की बॅटरी मुळात युरोपचेच अपत्य आहे. १८०० मध्ये व्होल्टाने पहिली विद्युतघटमाला मांडली, १८५९ मध्ये फ्रान्सच्या प्लाँतेने शिसे-आम्लाचा घट बनवला आणि १८९९ मध्ये स्वीडनच्या युंगनेरने निकेल-कॅडमियमचा. पण १९९१ मध्ये लिथियम-आयन बॅटरी बाजारात आली ती जपानच्या सोनीकडून, आणि त्यानंतरची तीस वर्षे लेप, उतारा आणि भंगार यांच्याशी झगडण्याचा अनुभव जपान, कोरिया आणि चीनने गोळा केला. नॉर्थव्होल्टने चिनी यंत्रे घेतली, तरी ती यंत्रे चालवणारा हात पार्सलने येत नाही. शिवाय शेलेफ्टिओचा एक कारखाना सुरळीत होण्याआधीच जर्मनी, कॅनडा, कॅथोड निर्मिती आणि पुनर्चक्रण अशा अनेक आघाड्या एकदम उघडल्या गेल्या. माझ्या मते हेच मुख्य कारण आहे. मागणी मंदावली हे त्यानंतरचे.

उत्तर २ : हिंगणा_पॅकवाला

वरील उत्तराशी मी सहमत आहे, परंतु बाजारभावाची बाजू राहून गेली. हिंगणा एमआयडीसीत आमचे छोटे युनिट आहे. ई-रिक्षा आणि सौर दिव्यांसाठी आम्ही पॅक, म्हणजे अनेक सेलचे संच, जोडतो. सेल चीनचेच येतात. खोकी उघडली की आम्ही प्रत्येक सेलचा अंतर्गत रोध मोजतो, जवळजवळ सारखे असलेले सेल एका गटात लावतो आणि मगच निकेलची पट्टी स्पॉट वेल्डिंगने जोडतो. पाच वर्षांपूर्वी शंभरातले सात-आठ सेल बाजूला निघत. आता एखादा निघतो, आणि भाव मात्र उतरत गेला. ब्लूमबर्गएनईएफ या संशोधन संस्थेच्या पाहणीनुसार २०२४ मध्ये जगभरातील पॅकची सरासरी किंमत प्रति किलोवॅट-तास ११५ डॉलर होती आणि युरोपातील पॅक चीनपेक्षा ४८ टक्के महाग पडत होते. एवढी तफावत केवळ देशाभिमानावर भरून निघत नाही.

दुसरे असे की युरोपने निकेल-मँगनीज-कोबाल्टच्या रसायनावर सगळी मांडणी केली, आणि त्याच वेळी स्वस्त लोह-फॉस्फेटची, म्हणजे एलएफपीची लाट आली. २०२४ मध्ये जगातील विद्युत वाहनांच्या बॅटऱ्यांपैकी जवळपास निम्मा वाटा एलएफपीचा होता आणि तिचे उत्पादन जवळजवळ सगळे चीनच्या हाती आहे. म्हणूनच आता स्टेलांटिस स्पेनमधील सारागोसा येथे ४.१ अब्ज युरो खर्चून चीनच्या सीएटीएल कंपनीच्या भागीदारीत एलएफपीचा कारखाना उभारते आहे. उद्योग वाढतो आहे, यात शंका नाही. मात्र तो युरोपच्या भूमीवर वाढणारा आशियाई उद्योग आहे. पोलंडमधील व्रोत्सवाफ येथे एलजी, हंगेरीत सॅमसंग आणि एसके, जर्मनीच्या आर्नश्टाट येथे सीएटीएल अशी ती यादी आहे. फोल्क्सवागनच्या पॉवरकोने डिसेंबर २०२५ मध्ये झाल्ट्सगिटर येथे सेलचे उत्पादन सुरू केले, हा एक अपवाद नोंदवायला हवा.

काका, आपल्या मुलीला नोकरी कोणाच्या मालकीच्या कारखान्यात मिळते याने तिला काय फरक पडणार? पगार युरोतच मिळेल.

उत्तर ३ : सांडपाणीवाली_ताई

पॅकवाले भाऊ, फरक पडतो, आणि तो काकांच्या दुसऱ्या प्रश्नाशी जोडलेला आहे. मी औद्योगिक सांडपाण्याच्या क्षेत्रात काम करते. हंगेरीतील देब्रेत्सेन येथे सीएटीएलने ७.३ अब्ज युरोंचा प्रकल्प जाहीर केला तेव्हा स्थानिकांनी सर्वांत आधी पाण्याचा प्रश्न विचारला, कारण तो कोरड्या मैदानी पट्ट्यातील प्रदेश आहे. कॅथोडच्या लेपात वापरले जाणारे एनएमपी हे द्रावक गर्भावर दुष्परिणाम करणारे म्हणून ओळखले जाते आणि ते हवेतून पकडून पुन्हा वापरावे लागते. कारखाना 'हरित' मोटारीसाठी माल बनवतो म्हणून त्याची चिमणी आपोआप स्वच्छ होत नाही.

तरीही 'शाश्वत' हा शब्द पोकळ आहे असे मी म्हणणार नाही, कारण त्यामागे आता कायदा उभा आहे. युरोपीय संघाचा बॅटरी नियम, क्रमांक २०२३/१५४२, ऑगस्ट २०२३ मध्ये अमलात आला. त्यानुसार टाकाऊ बॅटऱ्यांतून २०२७ अखेर ५० टक्के आणि २०३१ अखेर ८० टक्के लिथियम परत मिळवावे लागेल. कोबाल्ट, निकेल व तांब्यासाठी त्याच दोन मुदतींना हे प्रमाण अनुक्रमे ९० आणि ९५ टक्के आहे. ऑगस्ट २०३१ पासून वाहनांच्या नव्या बॅटरीतील कोबाल्टपैकी किमान १६ टक्के, तर लिथियम व निकेलपैकी प्रत्येकी सहा टक्के पुनर्चक्रित असावे लागेल. १८ फेब्रुवारी २०२७ पासून प्रत्येक वाहन-बॅटरीला डिजिटल पासपोर्ट, म्हणजे तिच्या माहितीची डिजिटल नोंद, लागेल. खाणींतील मानवी हक्कांची पडताळणी मात्र दोन वर्षे पुढे, ऑगस्ट २०२७ पर्यंत ढकलण्यात आली, आणि मला ते खटकते. आपल्याकडेही २०२२ चे बॅटरी कचरा व्यवस्थापन नियम असून त्यांत उत्पादकावर परतीची जबाबदारी टाकली आहे. पण सीताबर्डीच्या दुकानात जुना मोबाइल देताना ती बॅटरी पुढे कुठे जाते, हे दुकानदारालाही सांगता येत नाही.

खरी अडचण गणिताची आहे. पुनर्चक्रण करणाऱ्याला पैसा मिळतो तो कोबाल्ट आणि निकेलमधून. एलएफपीमध्ये ही दोन्ही नसतात. म्हणजे ज्या स्वस्त रसायनामुळे विद्युत मोटार सामान्य माणसाच्या आवाक्यात येते, तेच रसायन पुनर्चक्रणाचा धंदा आतबट्ट्याचा करते. त्यातच मोटारीची बॅटरी दहा-पंधरा वर्षे टिकते, त्यामुळे आज पुनर्चक्रण कारखान्यांचे बरेचसे खाद्य हे सेल कारखान्यांचे भंगारच आहे. सेल कारखाने रखडले की त्यांचीही उपासमार होते. जर्मनीत माग्डेबुर्ग येथे कारखाना असलेली कॅनडाची ली-सायकल २०२५ मध्ये दिवाळखोरीत गेली. उरलेली 'ब्लॅक मास', म्हणजे बॅटऱ्या भरडून मिळणारी काळी भुकटी, आशियात जात असे. ती तिथेच शुद्ध होऊन पुन्हा युरोपला विकली जाई. मार्च २०२५ मध्ये आयोगाने तिला घातक कचऱ्याच्या वर्गात टाकून विकसित देशांच्या गटाबाहेर होणारी निर्यात अडवली. पण भुकटी दाराशी ठेवून भागत नाही. ती विरघळवून वेगळी करणारे कारखाने आणि ते चालवणारी माणसे हवीत.

उत्तर ४ : रामटेकचा_निवृत्त

मी मॉइलच्या खाणींत आयुष्य काढले आहे, त्यामुळे फक्त मँगनीजपुरते लिहितो. देशातील मँगनीज धातुकाचा सुमारे निम्मा भाग नागपुरात मुख्यालय असलेली ही कंपनी काढते, आणि भंडारा जिल्ह्यातील डोंगरी बुजुर्ग येथे तिचा इलेक्ट्रोलिटिक मँगनीज डायऑक्साइडचा कारखाना आहे. तो माल टॉर्चच्या कोरड्या सेलसाठी जातो. मोटारीच्या बॅटरीला लागणारे अतिशुद्ध मँगनीज सल्फेट हा मात्र निराळा प्रकार असून तो जगात जवळजवळ सगळा चीनमध्ये बनतो. धातुक अनेक देशांत आहे. शुद्धीकरण एका देशात आहे. युरोपच्या २०२४ च्या कच्च्या मालाविषयीच्या कायद्याने म्हणूनच २०३० साठी उद्दिष्टे ठेवली आहेत : वार्षिक गरजेच्या दहा टक्के खनन, ४० टक्के प्रक्रिया आणि २५ टक्के पुनर्चक्रण युरोपात व्हावे, आणि कोणत्याही एका देशावर ६५ टक्क्यांहून अधिक भिस्त नसावी. चेकियातील ख्वालेटिसे येथे जुन्या खाणीच्या टाकाऊ ढिगाऱ्यातून मँगनीज काढण्याची योजना त्याच दिशेची आहे. आमच्या मनसर-कांद्रीच्या जुन्या ढिगाऱ्यांकडे पाहिले की मला तिची आठवण येते.

मुलगी धातुशास्त्राची आहे. तिला सेल जोडायला शिकवणाऱ्यांपेक्षा द्रावणातून धातू वेगळे करायला शिकवणाऱ्यांकडे पाठवा.

प्रश्नकर्त्याचे उत्तर : धरमपेठकर

सर्वांचे मनापासून आभार. बुटीबोरीकर, 'उतारा' हा शब्द आम्हाला बँकेत माहीत असता तर दोन-तीन कर्जे वाचली असती. ताईंनी लिहिलेल्या तारखा मी मुलीसमोर मांडल्या. तिचे शिक्षण पूर्ण होईल तेव्हा पासपोर्टचा नियम लागू झालेला असेल आणि २०३१ ची मुदत जवळ आलेली असेल. म्हणजे कारखाना कोणाच्याही मालकीचा असो, धातू परत मिळवणारा माणूस त्याला ठेवावाच लागेल. कर्ज देताना मी अशाच कायद्याने बांधलेल्या गिऱ्हाइकाचा शोध घेत असे. डिसेंबर २०२५ मध्ये आयोगाने नव्या मोटारींवरील २०३५ चे उत्सर्जन-कपातीचे बंधन शंभरावरून ९० टक्क्यांवर आणण्याचा प्रस्ताव मांडला, त्याची धास्ती मला अजून आहे, परंतु पुनर्चक्रणाचे आकडे त्यात बदललेले दिसत नाहीत.

रामटेकच्या काकांच्या सल्ल्यानुसार मुलीने काल विद्यापीठाला पत्र पाठवून विचारले आहे की, दुसऱ्या सत्रात जलधातुशास्त्राचा, म्हणजे द्रावणातून धातू वेगळे करण्याचा, विषय आणि प्रयोगशाळा घेता येईल का. उत्तर आले की येथे कळवीन. पॅकवाले भाऊ, शनिवारी तिला आपल्या युनिटमध्ये घेऊन आलो तर चालेल का? तिने आजवर बॅटरीचा सेल कापलेला फक्त चित्रात पाहिला आहे.

हिंगणा_पॅकवाला : अवश्य या, पण सकाळी अकराच्या आत या. त्यानंतर पत्र्याचे छत तापते आणि आम्ही चाचणी बंद ठेवतो. सेल कापणे मात्र घरगुती काम नव्हे, ते मी तिला करू देणार नाही; फुगून बाद झालेले दोन सेल पूर्ण डिस्चार्ज करून वाळूच्या बादलीत ठेवले आहेत, ते दाखवीन.