मूकपटातली कुत्री: अभिनय की बिस्किटाची आशा?

जुनाट_रीळ: काल इथे कोणीतरी ठोकून दिलं, "मूकपटातली कुत्री म्हणजे सर्कस, अभिनय कसला?" रात्रभर डोक्यात भुंगा. 1925 चा 'क्लॅश ऑफ द वुल्व्ज' पाहा. पायात काटा घुसल्यावर रिन टिन टिन हा कुत्रा जो लंगडतो, तो पाहून सांगा. त्याआधी 1905 मध्ये इंग्रज निर्माता हेपवर्थच्या घरच्या ब्लेअर या कुत्र्याने 'रेस्क्यूड बाय रोव्हर' केला. मागणी एवढी की निगेटिव्ह झिजली, अख्खा चित्रपट आणखी दोनदा काढावा लागला.

शंकेखोर: ते "कोणीतरी" मीच. अहो, मूकपटात आवाज टिपायचाच नव्हता! रिन टिन टिनचा मालक ली डंकन कॅमेऱ्याआडून ओरडून सांगायचा, कुत्रा करायचा. बोलपट आले आणि 1929 च्या अखेरीस वॉर्नर स्टुडिओने त्या कुत्र्याचा करार गुंडाळला.

जुनाट_रीळ: शॉट चालू असताना दिग्दर्शक माणसांवरही ओरडायचेच. त्यांचाही अभिनय रद्द करू या का?

पोळी_लाटणं: आमच्या मोत्याचा पाय एकदा स्कूटरखाली आला. महिनाभर दूध-पोळी. बरा झाला, तरी बाबांच्या चपला वाजल्या की लंगडणं सुरू. एकदा घाईत पाय चुकला, डाव्याऐवजी उजवा उचलला. याला कोण ओरडून सांगत होतं?

तिसरा_मजला: रिन टिन टिनसारख्या अल्सेशियनचं कौतुक पुरे. आमच्या सोसायटीत एक आहे, लिफ्टमध्ये माझ्या भाजीच्या पिशवीत तोंड घालतो. मालक म्हणतात, "काही करत नाही तो."

शंकेखोर: अल्सेशियन नाही, जर्मन शेफर्ड. पहिल्या महायुद्धानंतर जर्मन नाव नको म्हणून इंग्रजांनी बदललं.

तिसरा_मजला: माझी कोथिंबीर जर्मनाने खाल्ली की इंग्रजाने, काय फरक पडतो?

शंकेखोर: पडतो! डंकनला रिन टिन टिन पिल्लू असताना 1918 मध्ये फ्रान्सात, लॉरेनमधल्या बॉम्बने उद्ध्वस्त झालेल्या श्वानगृहात मिळालं. चुकीची माहिती पसरवू नका.

तिसरा_मजला: मग लिफ्टबद्दलही बोला. की तुम्हीच ते मालक?

पोळी_लाटणं: भांडा. मोत्याचं उत्तर कोणी दिलंच नाही.

शंकेखोर: बरं बाई, तुमचा मोत्या नटसम्राट. लंगडणंही मान्य. पण त्याच 'क्लॅश ऑफ द वुल्व्ज'मध्ये वेषांतर म्हणून कुत्र्याला खोटी दाढी लावलीय, त्यावर धागाकर्ते गप्प का?

जुनाट_रीळ: दाढी वाईटच आहे. पण ती त्याने स्वतः लावली नव्हती.