'पाताल लोक'चा थरार: मारहाणीचा की तपासाचा?

रातकिडा
'पाताल लोक' या वेब मालिकेचं नाव निघालं की शिव्या आणि एका आरोपीचा हातोडा एवढंच बोललं जातं. २०२०चा पहिला सीझन खिळवून ठेवतो तो पोलीस अधिकारी हाथीराम चौधरीच्या तपासामुळे. ठाणं आउटर जमुना पार, जिथं मोठी केस येतच नाही. पुलावर चौघं पकडले जातात, आरोप नामवंत वृत्तनिवेदकाच्या खुनाच्या कटाचा. मग एकेकाचं गाव, घर, जात उलगडत जाते. त्यातला कबीर एम. सुंता वैद्यकीय कारणानं झाल्याचा दाखला जपून ठेवतो, मुसलमान म्हणून ओळखलं जाऊ नये यासाठी. सगळ्या गोळीबारापेक्षा तो कागद जास्त हादरवतो.

कलम२५
कागदाचं मान्य. पण चौकशीच्या खोलीत काय दिसतं? आधी मार, मग माहिती. पोलिसांपुढं दिलेली कबुली आरोपीविरुद्ध पुरावा म्हणून चालत नाही. १८७२च्या पुरावा कायद्यात हे कलम २५ होतं, १ जुलै २०२४पासून भारतीय साक्ष्य अधिनियमाचं कलम २३. टिकतो फक्त तेवढा भाग, ज्यामुळे एखादी वस्तू खरोखर सापडली. म्हणजे आरोपीनं काढून दिलेला सुरा. त्यालाही पंच हवेत, निवेदन पंचनामा (आरोपीचं म्हणणं पंचांसमोर लिहून घेतलेला कागद) हवा, मुद्देमाल जागेवरच सील व्हायला हवा. सील ढिलं निघालं किंवा पंच फितूर झाले की तो सुरा बचावाच्या वकिलाच्याच कामी येतो. हे सगळं गाळल्यामुळं प्रेक्षकाला वाटतं, ठोकलं की केस सुटते.

रातकिडा
अहो, इथं ठोकून केस सुटते कुठं? हाथीराम निलंबित होतो, केस सीबीआयकडं जाते आणि पत्रकार परिषदेत थेट आयएसआयचा कट जाहीर होतो. खरे धागे लागतात ते चित्रकूटला जाऊन माणसांशी बोलल्यावर. मालिका तुमच्याच बाजूनं बोलतेय.

मधली फळी
मग २०१२च्या दिल्ली सामूहिक बलात्कार प्रकरणावरच्या 'दिल्ली क्राइम'चा २०१९चा पहिला सीझन घ्या. सीसीटीव्हीच्या चित्रीकरणातून एक पांढरी बस शोधायची आणि तिच्यावरून सहा जणांपर्यंत पोचायचं. फुटेज पुन्हा पुन्हा पाहणं, माणसं कमी, झोप नाही. त्या कंटाळवाण्या कामातच ताण आहे, आणि तो जमलाय.

कलम२५
जमलाय, पण नजर पोलिसांचीच. शिवाय कथेचा सगळा जोर अटकेवर. पुढं दोषारोपपत्र ६० किंवा गंभीर गुन्ह्यात ९० दिवसांत गेलं नाही, तर आरोपीला जामिनाचा हक्कच मिळतो. एकोणनव्वदावा दिवस, प्रयोगशाळेचा अहवाल अजून आलेला नाही आणि तपास अधिकारी फोन लावतोय, यावर अख्खा भाग काढा. त्यात एकही थप्पड लागणार नाही.